जुनं सॉफ्टवेअर, व्हर्च्युअल मशीन आणि माझे गेलेले तीन दिवस

दादरच्या एका छोट्या स्ट्रक्चरल कन्सल्टंटकडे मी लागले, तेव्हा पहिलंच काम 1994 च्या एका सोसायटीचं स्ट्रक्चरल ऑडिट, म्हणजे इमारत अजून किती मजबूत आहे याची तपासणी. मुंबईत इमारतीला 30 वर्षं झाली की ते करावंच लागतं, त्यामुळे अशी कामं तुमच्याकडेही येणारच. मूळ डिझाइनच्या फाइल मिळाल्या, पण सॉफ्टवेअर विंडोज 3.1 च्या काळातलं, 16 बिटचं. 64 बिट विंडोजवर ते चालतच नाही. कम्पॅटिबिलिटी मोडशी (विंडोजची जुने प्रोग्राम चालवायची सोय) झटापट करत बसू नका, मी दोन संध्याकाळी घालवल्या आहेत. व्हर्च्युअलबॉक्स म्हणजे संगणकाच्या आत दुसरा संगणक, व्हर्च्युअल मशीन, चालवणारा प्रोग्राम. त्यात 32 बिटचं विंडोज एक्सपी टाकलं आणि प्रोग्राम पहिल्या झटक्यात उघडला.

एक्सपीचा सपोर्ट एप्रिल 2014 मध्येच संपलाय. म्हणून या व्हर्च्युअल मशीनचं नेटवर्क पूर्ण बंद ठेवा. ‘अँटीव्हायरस आहे ना’ म्हणणारे सिनियर भेटतील. त्यांचं ऐकू नका.

आता माझं काय झालं ते. इन्स्टॉल झाल्यावर मी स्नॅपशॉट, म्हणजे व्हर्च्युअल मशीनची त्या क्षणाची जपलेली स्थिती, घेतला होता. पुढचे तीन दिवस बी विंगचे बीम-कॉलम, लोड, सगळा डेटा भरला आणि सेव्ह करत गेले एक्सपीच्या आतल्या सी ड्राइव्हवर. गुरुवारी दुपारी प्रोग्राम अडकला. सर जाता जाता म्हणाले, ‘स्नॅपशॉटवर मागे जा, दोन मिनिटांचं काम.’ आत्ताची स्थिती आधी जपून ठेवायची का, असं विचारणारी चौकट आली होती. मी ती रिकामी ठेवली. एक्सपी स्वच्छ उघडलं. बीविंग नावाचं फोल्डरच नव्हतं.

हे नीट समजून घ्या. स्नॅपशॉट म्हणजे त्या क्षणाची अख्खी डिस्क. त्यानंतर तुम्ही जे लिहिता ते एका वेगळ्या फाइलमध्ये जमत जातं, आणि मागे गेलात की ती फाइल टाकून दिली जाते. रीसायकल बिनमध्ये काही सापडत नाही. स्नॅपशॉट मशीनला वाचवतो, तुमच्या कामाला नाही. वहीत पेन्सिलीने आकडे लिहिले होते म्हणून निभावलं. रात्री अकरापर्यंत बसून पुन्हा भरले.

तेव्हा काम बाहेर ठेवा. खऱ्या मशीनवर एकच शेअर्ड फोल्डर करा, तो एक्सपीत ड्राइव्ह म्हणून जोडा आणि तिथेच सेव्ह करा. फाइलची नावं आठ अक्षरांत बसवा. अख्खा डी ड्राइव्ह शेअर करू नका, आत काही बिघडलं तर ते तिथवर पोचेल. मूळ फाइलची प्रत वेगळी, फक्त वाचण्यापुरती. एवढं केलंत की घाबरायचं कारण नाही, हवं तितक्या वेळा मागे जा.

डोंगल (सॉफ्टवेअरच्या परवान्यासाठी संगणकाला लावायचं छोटं उपकरण) हरवला म्हणून क्रॅक, म्हणजे परवान्याची तपासणी चुकवणारा प्रोग्राम, शोधणाऱ्यांना माझा साफ विरोध आहे. कोणी लिहिलंय माहीत नसलेला प्रोग्राम अ‍ॅडमिन म्हणून चालवायचा आणि त्याच्या आकड्यांवर माणसं राहतात ती इमारत तपासायची?

आकड्यांवरून आठवलं. 1994 चं डिझाइन आयएस 456 च्या, म्हणजे काँक्रीट बांधकामाच्या भारतीय कोडच्या, 1978 च्या आवृत्तीवर असणार, त्यानंतर 2000 ची आली. जुने निकाल मूळ डिझायनरने काय धरलं होतं ते कळण्यापुरते घ्या. तपासणी नव्या कोडने करा.

आज घरी जाण्याआधी एक रिकामी फाइल एक्सपीच्या सी ड्राइव्हवर ठेवा, एक शेअर्ड फोल्डरमध्ये, आणि स्नॅपशॉटवर मागे जा. कुठली उरली ते स्वतः बघा, मगच खरा डेटा भरायला घ्या.