चिऱ्यातली भोकं

जुन्या लढायांच्या खुणांचा अभ्यास करायला गोव्यातल्या शापोरा किल्ल्याच्या तटावर मी एक अख्खा हंगाम घालवला, दिवाळीपासून पाऊस लागेपर्यंत. तटाच्या चिऱ्यांतल्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या ठोकळ्यांतल्या, भोकांची मापं घेतली, फोटो काढले आणि वहीत लिहिलं: मराठ्यांच्या गोळ्यांच्या खुणा. ती वही आजही उघडवत नाही.

पुढे घराच्या कामासाठी बाबांबरोबर चिरेखाणीवर गेले. तिथे नुकत्याच कापलेल्या चिऱ्यात तस्संच भोक! जांभ्यात अशा पोकळ्या मुळातच असतात. आतली मऊ माती पावसात वाहून जाते, भोक उरतं. गोळा लागला की दगड चुरडतो, कडा फुटतात, शेजारचे चिरे हलतात, आणि तेही जिकडून मारा होऊ शकत होता त्याच अंगाला. माझी भोकं तटाच्या आतल्या बाजूलाही होती. मी तिकडे पाहिलंच नव्हतं, कारण मला खुणा सापडायलाच हव्या होत्या. म्हणून सांगते, आतली बाजू आधी बघा. मग बाहेरची. तरीही नुसत्या डोळ्यांवर निकाल देऊ नका. दोनशे-तीनशे पावसाळ्यांनी खऱ्या खुणेच्या कडाही गोल केलेल्या असतात.

याहून जिव्हारी लागलं ते वेगळंच. मी शोधत होते संभाजी महाराजांची १६८३-८४ ची स्वारी, आणि आज उभा आहे तो किल्ला पोर्तुगीजांनी १७१७ मध्ये नव्याने बांधलेला. फोंड्यातही हीच गफलत होते. फर्मागुडीचा किल्ला हे अलीकडचं स्मारक. १६८३ मध्ये पोर्तुगीजांनी वेढलेला फोंड्याचा जुना किल्ला निराळा. भिंत कधीची हे कळल्याशिवाय टेप काढू नका.

माझ्या मार्गदर्शकांनी वर्षभरात एकदाही गडावर पाऊल ठेवलं नाही. माझं स्पष्ट मत आहे, तुमच्याबरोबर चिखलात न उतरणारा मार्गदर्शक बदला. ड्रोनचे फोटो सुंदर येतात, पण चिरा हाताला लागत नाही. आणि मेटल डिटेक्टर घेऊन संरक्षित जागी उकरायला गेलात तर तो गुन्हा आहे. शिवाय गोळा जागेवरून उचलला की त्याची दिशा, खोली, सगळी साक्ष संपली.

घाबरू मात्र नका. १९६१ पासून, म्हणजे गोवा मुक्तीपासून सुरुवात करा, ते सोपं जातं. माघार घेताना पोर्तुगीजांनी बाणस्तारीचा आणि बोरीचा पूल उडवला, ते दिवस आठवणारी माणसं अजून गावात आहेत. आजीजवळ बसा, मग नदीकाठी जा.

मला स्वतःला धीर आला तो जुव्याला. २४ नोव्हेंबर १६८३ च्या रात्री ओहोटी साधून मराठे या बेटावर उतरले. आता पूल आहे, पण मी भरती-ओहोटीची वेळ बघून मुद्दाम काठावर थांबले. पाणी ओसरलं, चिखल उघडा पडला, आणि वर टेकडीवरचा पडका किल्ला किती जवळ आहे ते पहिल्यांदा दिसलं. त्या दिवशी मी एकही फोटो काढला नाही. फक्त पाणी किती वाजता कुठवर उतरलं, एवढं नव्या वहीत लिहिलं.