कंपास कधी वाचायचा? शिकाऊ वैमानिकांनो, या चुका टाळा

नागपूरच्या सोनेगाव विमानतळाहून रायपूरला निघालं की दिशा जवळजवळ सरळ पूर्व. वेग वाढवला की कंपास उत्तरेकडे सरकतो आणि शिकाऊ वैमानिक लगेच विमान उजवीकडे घेतो. विमान मुळात वळलेलंच नसतं! पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र आपल्याकडे जमिनीत तिरकं शिरतं, त्यामुळे कंपासच्या तबकडीचा भार टेकूच्या किंचित दक्षिणेला येतो. वेग वाढताना हा भार मागे रेंगाळतो, तबकडी फिरते. वेग कमी केला की उलट, दक्षिणेकडे. ५ अंशांची ही नको ती दुरुस्ती तशीच धरून ठेवली तर सुमारे २८० किलोमीटरनंतर रायपूर चांगलं २४ किलोमीटर डावीकडे राहतं. वेग स्थिर होऊ द्या, मग वाचा.

वळतानाही तेच. उत्तरेकडे वळताना कंपास मागे पडतो, दक्षिणेकडे वळताना पुढे पळतो. ठोकताळा अक्षांशाचा: नागपूर २१ अंशांवर, म्हणून उत्तर यायच्या साधारण २० अंश आधीच वळण सोडायला लागा, दक्षिण मात्र जवळपास तेवढीच ओलांडू द्या.

सगळ्यात महागात पडते ती चूक वेगळीच. पृथ्वी फिरते म्हणून जायरो (फिरत्या चक्रावर चालणारं दिशादर्शक यंत्र) इथे तासाला ५ अंशांच्या वर सरकतो. तो दर १०-१५ मिनिटांनी कंपासशी जुळवावा लागतो. तो वळणात जुळवला, तर कंपासची क्षणभराची चूक जायरोत मुक्कामाला येते.

कंपासच तिरपागडा वाटतो? ३२ क्रमांकाच्या धावपट्टीवर सरळ उभे राहा. आकडा ३२० च्या आसपास हवा. नसेल तर आधी डॅशबोर्डवरचा मोबाइल आणि हेडसेट उचला. (मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हणून चुंबकीय वेधशाळा १९०४ मध्ये अलिबागला थाटली होती, तिथे तुमच्या मोबाइलचं काय!) तरीही फरक राहिला तर डेव्हिएशन कार्ड बघा, म्हणजे विमानातल्या लोखंड-विजेमुळे कंपास कुठल्या दिशेला किती चुकतो त्याचा तक्ता.

व्हेरिएशन, म्हणजे खरी उत्तर आणि चुंबकीय उत्तर यांतला फरक, नागपुरात एका अंशाहूनही कमी, त्यामुळे आपली पोरं ते गणितातून सर्रास गाळतात. हीच पोरं पुढे अमेरिकेत सिॲटलला उडायला गेली की तिथे १५ अंश पूर्व समोर येतं. नकाशावरच्या खऱ्या दिशेवरून कंपासची दिशा काढताना पूर्वेचं वजा, पश्चिमेचं अधिक. इथेच हात बसवून घ्या.

आणि काचेत बुडबुडा दिसला तर द्रव गळतोय. स्वतः उघडायला जाऊ नका, इंजिनिअरला सांगा.