कूलंट सेन्सर बदलायचाय? आधी एवढं जमवा

आधी कबुली देतो. दोन वर्षांत मी माझ्या गाडीचा कूलंट टेम्परेचर सेन्सर दोनदा बदलला आणि दोन्ही वेळा काढलेला सेन्सर ठणठणीत होता. पहिल्या वेळी दोष कनेक्टरच्या हिरव्या पडलेल्या पिनेत होता. नवा सेन्सर बसवून आठ दिवस होत नाहीत तोच इंजिनचा दिवा परत लागला. दुसऱ्या वेळी तर गाडीत थर्मोस्टॅटच नव्हता, म्हणजे इंजिन तापेपर्यंत कूलंट रेडिएटरकडे जाऊ न देणारा व्हॉल्व. कुठल्याशा मे महिन्यात गाडी तापते म्हणून एका गॅरेजवाल्याने तो काढून टाकला होता आणि मला सांगायची तसदीही घेतली नव्हती. आमच्या लातूरकडे हे सर्रास चालतं. 'व्हॉल्व काढला की गाडी थंड राहते', म्हणतात. राहते खरी, नको तितकी राहते. म्हणून या यादीत पाने-हत्यारं उशिरा येतात, वही आणि मीटर आधी.

तर पहिली वस्तू वही. काम करायच्या आठ दिवस आधीपासून ती गाडीतच ठेवा. सकाळी पहिल्या सेल्फला गाडी उठते का, दुपारी बाजारात दहा मिनिटं बंद ठेवून परत चालू करताना त्रास देते का, सायलेन्सरमधून काळा धूर येतो का, अ‍ॅव्हरेज किती पडतो, पंखा कधी लागतो, हे रोज दोन ओळीत लिहा. कंटाळवाणं वाटेल, पण निम्मं निदान इथंच होतं. सेन्सर म्हणजे पितळी बोंडात बसवलेला थर्मिस्टर. कूलंट तापलं की त्याचा रोध कमी होतो, निवलं की वाढतो. ईसीयू, म्हणजे इंजिन सांभाळणारा संगणक, त्याला ५ व्होल्ट देतो आणि त्या वायरवर किती व्होल्टेज उरतं त्यावरून इंजिन किती तापलंय ते ठरवतो. पेट्रोल किती सोडायचं, आयडलिंग किती ठेवायचं, पंखा कधी लावायचा, सगळं त्या आकड्यावर. आता सेन्सर इंजिन थंड असल्याचं खोटं सांगत असेल तर ईसीयू पेट्रोल ओततच राहतो. प्लग काळे होतात, गरम गाडी चालू करताना सेल्फ मारून मारून बॅटरी बसते. उलट इंजिन गरम असल्याचं खोटं सांगत असेल तर सकाळी गाडी उठत नाही. यातही ऋतू बघा. डिसेंबरात परभणीकडे पारा एक आकडी होतो तेव्हा हा दुसरा दोष लगेच उघडा पडतो. मे महिन्यात, पहाटेच हवा अठ्ठावीस-तीस अंशांवर असताना, तोच सेन्सर महिनाभर गुपचूप खोटं बोलू शकतो.

पण एक अपवाद आताच सांगतो. तापमानाचा काटा वर चढला असेल, किंवा बिनकाट्याच्या लहान गाडीत लाल दिवा लागला असेल, तर सेन्सरचा विचार बाजूला ठेवा. गाडी थांबवा, निवू द्या, कूलंटची पातळी बघा. पातळी खाली गेली की सेन्सरचं बोंड हवेत लोंबकळतं आणि आकडा भलताच दाखवतं. त्यात बिचाऱ्याचा काय दोष.

दुसरी वस्तू ओबीडी स्कॅनर, ईसीयूने नोंदवलेले दोषांचे कोड आणि सेन्सरचे आकडे वाचणारा. ब्लूटूथवाला छोटा अडॅप्टर पुरतो, मोबाइलवर ॲप घ्यायचं, झालं. स्टिअरिंगच्या खाली त्याचा सॉकेट असतो. फार जुन्या गाडीत तो नसेल किंवा असून बोलत नसेल, तर मीटरवरच भागवावं लागतं. कोड आधी लिहून घ्या, मग पुसा. पी०११८ म्हणजे सर्किट कुठंतरी तुटलेलं, ईसीयूला इंजिन गारठलेलं दिसतंय. पी०११७ त्याच्या उलट, वायर कुठंतरी शॉर्ट. पी०११६ म्हणजे आकडा येतोय पण पटत नाही. आणि पी०१२८ आला तर सेन्सरच्या दुकानाकडे वळूच नका, इंजिन ठरल्या तापमानापर्यंत पोहोचत नाहीये, थर्मोस्टॅट बघा. माझ्या गाडीत हाच कोड होता आणि मी तो वाचूनही सेन्सर विकत आणला. अंबाजोगाईच्या रस्त्याला सलग अर्धा तास चालवूनही आकडा बासष्टच्या पुढे सरकत नव्हता, तरी माझी अक्कल चालली नाही. थर्मोस्टॅट बहुतेक गाड्यांत ८२ ते ८८ अंशांच्या दरम्यान उघडतो. तोवर आकडा सरळ चढत जायला हवा, नंतर नव्वदच्या आगेमागे रेंगाळायला हवा. मध्येच चाळीसवरून शंभरावर उडी मारून परत खाली आला तर वायर किंवा सेन्सर. इंजिन असं उड्या मारत तापत नसतं.

या स्कॅनरची खरी कमाई पहाटेची आहे. गाडी रात्रभर सावलीत उभी ठेवा, किमान आठ तास. सकाळी चावी ऑन करा, इंजिन चालू करू नका, आणि कूलंटचा आकडा आत येणाऱ्या हवेच्या तापमानाच्या आकड्याशी ताडून बघा. शेजारी साधा थर्मामीटर ठेवला तर उत्तम. तिन्हींत दोन-चार अंशांचा फरक चालतो. पंधरा-वीसचा फरक असेल तर चोर सापडला म्हणायचं, पण तो सेन्सर की वायर हे अजून ठरायचंय. आणि ऊन बोनेटवर येण्याआधी बघा. पत्र्याच्या शेडखाली सकाळी साडेनऊला घेतलेल्या आकड्याला काही अर्थ नाही.

वायरीसाठी मल्टिमीटर लागतो, दुकानातला साधा डिजिटलसुद्धा चालतो. आमच्या गल्लीतले फिटर चाचा माझ्या दुसऱ्या सेन्सरकडे बघून म्हणाले होते, "सर, पहले पिन देखो, फिर दुकान जाओ." तेव्हा मी हसलो होतो. कनेक्टरची कडी दाबून सोडवा, ओढून नव्हे, उन्हाने तडकलेलं प्लास्टिक लगेच मोडतं. आत हिरवट बुरशीसारखं दिसलं तर कॉन्टॅक्ट क्लीनरचा फवारा आणि मऊ ब्रश. मग वायर बोटाने चाचपत दोन वीत मागं जा. दिवाळीच्या आसपास सोयाबीन घरात येऊन पडतं आणि त्याच्या मागं उंदीर. गाडी पोत्यांच्या खोलीशेजारी लावत असाल तर कुरतडलेल्या वायरीची शक्यता सेन्सरइतकीच धरा. नंतर कनेक्टर सुटा ठेवूनच चावी ऑन करा आणि वायरीकडच्या दोन पिनांमध्ये मीटर लावा. ५ व्होल्टच्या जवळपास दिसलं पाहिजे. नाही दिसलं तर नवा सेन्सर बसवून काही होणार नाही. दिसलं तर अजून एक कसोटी. कनेक्टर सुटा असताना स्कॅनरवर उणे ४० आला पाहिजे आणि कागदाच्या क्लिपने त्या दोन पिना क्षणभर जोडल्या की आकडा १३०-१४० च्या घरात गेला पाहिजे. दोन्ही झालं तर वायर आणि ईसीयू ठीक, दोष सेन्सरात. मात्र ही क्लिपची कसोटी दोन पिनांच्या सेन्सरलाच. तीन-चार पिना असतील तर वायरिंगचा नकाशा हातात नसताना क्लिप लावू नका. काही गाड्यांत दोन वेगळे सेन्सर असतात, एक काट्याचा एकाच वायरीचा, दुसरा ईसीयूचा. कोणता कोणता ते आधी ओळखा. आणि कनेक्टर काढल्या काढल्या रेडिएटरचा पंखा आपोआप सुरू होऊ शकतो, तेव्हा बाह्या, उपरणं, लेकरं, सगळं लांब.

एवढं झाल्यावर दुकान. गाडीचा चेसिस नंबर घेऊन जा, जुन्या सेन्सरवरचा नंबर आणि कनेक्टरचा फोटो मोबाइलमध्ये असू द्या. 'सगळ्यात बसतो' म्हणून दिलेला सेन्सर आट्यांना बसतो, आकड्यांना बसेलच असं नाही. बरोबर नवं तांब्याचं वायसर घ्या, किंवा क्लिपने बसणारा असेल तर नवी ओ-रिंग. गाडीच्या पुस्तकात लिहिलंय त्याच प्रकारचं एक लीटर कूलंट. हिरव्यात गुलाबी मिसळू नका, कारण रंगावरून आतली रसायनं कळत नाहीत आणि न जुळणारी एकत्र आली की आत गाळ धरतो. कूलंट पाणी न मिसळलेलं असेल तर डिस्टिल्ड वॉटरचा कॅन, बॅटरीच्या दुकानात मिळतो.

बोअरचं पाणी नको. हे मी ओरडून सांगेन. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आलं तेव्हा आम्ही लातूरकरांनी थेंबाथेंबाचा हिशेब ठेवला, पण त्याच उन्हाळ्यात रेडिएटरमध्ये खारं बोअरचं पाणी बिनदिक्कत ओतलेलं मी पाहिलंय, मीही ओतलंय. माझा पहिला सेन्सर काढला तेव्हा त्याच्या पितळी टोकावर अंघोळीच्या बंबात धरतो तसला पिवळट-पांढरा थर होता, नखाने खरवडला तर खपली निघाली. त्या रजईतून सेन्सरला गरमी उशिरा कळते. आरओचं पाणी अडीअडचणीला थोडं वर टाकायला ठीक, पण सिस्टिम भरायला डिस्टिल्डच.

आता मला सगळ्यात आवडणारा भाग. सेन्सर बसवण्याआधी स्वयंपाकघरात तपासा, नवासुद्धा. त्यासाठी रसवंतीवाल्याकडून पाच-दहा रुपयांचा बर्फ, एक जुनं पातेलं (परत स्वयंपाकात न येणारं, घरात तसं आधी सांगून ठेवा), दोरा, आणि असला तर थर्मामीटर. मीटर २० किलोओहमवर ठेवा. बर्फाच्या पाण्यात टोक बुडवलं की साधारण साडेपाच-सहा किलोओहम, वीस अंशांना दोन-अडीच, आणि मग पातेलं गॅसवर चढवलं की आकडा घसरत जातो, ऐंशीला तीनशे ओहमच्या आसपास, उकळीला दोनशेच्या जवळ. हे आकडे बऱ्याच गाड्यांचे असेच असले तरी तुमच्या गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधलेच प्रमाण धरा. टोक तळाला टेकू देऊ नका, दोऱ्याने लोंबतं ठेवा, आणि पिना पाण्याबाहेर. आणि लातूर समुद्रसपाटीपासून सहाशेच्या वर मीटर उंच आहे, आपल्याकडे पाणी शंभरला नाही, अठ्ठ्याण्णवच्या आसपासच उकळतं. मुख्य बघायचं ते हे की आकडा सावकाश, न अडखळता उतरतो का. माझ्या दोन्ही 'खराब' सेन्सरांचा उतरला. शेगडीपुढे उभं राहून मी वाया गेलेले पैसे मोजले.

हत्यारं फार नाहीत. बहुतेक ठिकाणी १९ चा पाना किंवा खोल गोटी (सॉकेट) लागते, पण आपला सेन्सर आधी मोजून घ्या. बॅटरीच्या निगेटिव्हसाठी १० चा पाना, खाली धरायला रुंद टब, फडकी, टॉर्च, हातमोजे. सेन्सर सहसा थर्मोस्टॅटच्या घराजवळ, वरचा होज इंजिनला जोडतो तिथं असतो. एअर फिल्टरचा डबा आड येत असेल तर त्याचा स्क्रू ड्रायव्हरही.

दिवस सुटीचा धरा. मी १७ सप्टेंबर धरला होता, मुक्तिसंग्राम दिनाचं झेंडावंदन सकाळी लवकर होतं आणि शाळेत पायी जाता येतं, म्हणजे गाडी थंडच राहते. सुटीला दुकान बंद सापडू शकतं, म्हणून सामान आदल्या दिवशीच. आणि मदतीला एक जण, चावी फिरवायला आणि भलतं करताना थांबवायला. माझ्याबाबत हे उलटं झालं, थांबवावं मला लागलं. पुतण्या म्हणाला, "काका, झाकण कोमटच लागायलंय, उघडू का?" मी म्हटलं, "थांब, आधी वरचा होज दाबून बघ." होज टणक होता. झाकण आत सुमारे एक बार जास्तीचा दाब धरून ठेवतं, म्हणूनच कूलंट शंभरच्या पुढंही उकळत नाही. ते झाकण उघडलं की सगळं एकदम उकळून तोंडावर येतं. होज मऊ लागेपर्यंत आणि इंजिनवर तळहात निवांत ठेवता येईपर्यंत झाकणाला हात नाही. आम्ही पाऊण तास थांबलो, चहा झाला.

प्रत्यक्ष काम मग दहा मिनिटांचं. बॅटरीची निगेटिव्ह सोडा, झाकण एकदा उघडून दाब जाऊ द्या आणि परत लावा, त्याने सांडणं कमी होतं. भोवतालची धूळ पुसा, जुना सैल करा, नवा दुसऱ्या हातात वायसरसकट तयार ठेवा, जुना निघाल्या निघाल्या भोकावर अंगठा आणि लगेच नवा. कपभर कूलंट जाईल, जाऊ द्या. आटे हातानेच लावा. हेड ॲल्युमिनियमचं असतं, जोर केला की आटे गेले आणि मग खर्च सेन्सरचा राहत नाही. शेवटची कस मॅन्युअलप्रमाणे, बहुतेक ठिकाणी १५ ते २० न्यूटन मीटर, म्हणजे मनगटाची, खांद्याची नव्हे.

नंतर पातळी भरा, हीटर पूर्ण गरमवर ठेवा, झाकण उघडं ठेवून गाडी आयडलला चालवा. बुडबुडे थांबले की झाकण लावा आणि पंखा दोनदा लागून बंद होईपर्यंत थांबा. कोड पुसा, स्कॅनर लावून रेणापूरपर्यंत एक फेरी मारा. दुसऱ्या दिवशी सकाळी, थंड गाडीत, पातळी बोटभर खाली गेलेली असते. अडकलेली हवा निघून गेलेली असते, तेवढं भरा.

टबातलं कूलंट अंगणात तसंच सोडून जेवायला जाऊ नका. एथिलीन ग्लायकॉल गोड लागतं आणि विषारी असतं. कुत्रं, शेळी, वासरू, कुणीही तोंड घालेल. उरलेलं कूलंट मूळ डब्यातच ठेवा. मी ते पाण्याच्या बाटलीत भरून फडताळात ठेवलं होतं, आणि पुतणीने खस सरबत समजून पेला शोधायला सुरुवात केली होती.