गैरहजेरीत दावा काढून टाकला? पुढच्या चुका टाळा

वादी तारखेला गेला नाही, दावा काढून टाकला गेला, की अनेक जण थेट नवा दावा लावायला निघतात. त्याआधी त्या दिवसाचा रोजनामा, म्हणजे कोर्टाच्या कामकाजाची नोंद, वाचा. पुकारा झाला तेव्हा प्रतिवादी किंवा त्याचे वकील हजर होते का, यावरच पुढचा रस्ता ठरतो.

दोन्ही बाजू गैरहजर असतील तर दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधला आदेश 9, नियम 3 लागतो. मग नवा दावा लावा किंवा जुनाच पुन्हा फायलीवर घेण्यासाठी अर्ज द्या, दोन्ही चालतं. मात्र नव्या दाव्याला मूळ मुदतच लागू असते. जुना दावा पडून होता ती वर्षं वजा होत नाहीत. पैशांच्या वसुलीची तीन वर्षांची मुदत बहुधा तेवढ्यात संपलेली असते.

प्रतिवादी हजर आणि फक्त वादी गैरहजर असेल तर नियम 8. इथे त्याच वादकारणावर (ज्या कारणाने दावा लावला, त्यावर) नवा दावा लावायला नियम 9 ची बंदी आहे; जुना दावा फायलीवर घेण्यासाठी अर्जच द्यावा लागतो. तरीही लावला तर कोर्ट फी जाते, आणि अर्जाची मुदतही.

ही मुदत 30 दिवसांची, मुदत कायदा, 1963, अनुच्छेद 122. ती आदेशाच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नाही. सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे आदेशाच्या नकलेची वाट पाहणं. अपिलात नक्कल मिळवायला लागलेले दिवस वजा होतात, या अर्जात होत नाहीत. उशीर झालाच तर मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा अर्ज सोबत जोडा.

गैरहजेरीचं कारण त्याच तारखेचं हवं. मागच्या दोन वर्षांची आजारपणं लिहून उपयोग नाही. त्या दिवसाचा दवाखान्याचा केसपेपर आणि प्रतिज्ञापत्र जोडा. ‘कामानिमित्त बाहेरगावी’ हे तर कोणी वाचतही नाही. वकिलावर खापर फोडताना जपून: वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, असं सर्वोच्च न्यायालयाने 1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात म्हटलं खरं, पण तो सरसकट नियम नाही, हेही त्याच न्यायालयाने 1993 मध्ये स्पष्ट केलं. स्वतः वकिलाकडे कधी विचारणा केली, ते दाखवा.

समोरच्याला नोटीस गेल्याशिवाय नियम 9 खाली आदेश होत नाही, तेव्हा नोटिशीचा भत्ता (ती बजावण्याचं शुल्क) लगेच भरा. अर्ज फेटाळला तर आदेश 43, नियम 1(c) खाली अपील आहे.

दावा कधीकधी हजर राहूनही जातो. प्रतिवादीचं समन्स बजावणी न होता परत आलं, तर सात दिवसांत नवं समन्स मागावं लागतं.

चेक न वटल्याच्या फौजदारी खटल्याला मात्र यातलं काहीच लावू नका. तिथे फिर्यादी गैरहजर राहिल्यास भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 279 प्रमाणे न्यायदंडाधिकारी त्याला हजर राहायला 30 दिवस देतात आणि तरीही तो आला नाही, तर आरोपीला निर्दोष सोडू शकतात. तो आदेश त्यांना स्वतःला फिरवता येत नाही. वरच्या न्यायालयातच जावं लागतं.