लॅनवर सर्व्हर दिसंना? आधी हे बघा
भावांनो, राजारामपुरीत रूमवर सगळे जमून लॅनवर (एकाच राउटरला जोडलेल्या पीसींवर) काउंटर स्ट्राइक १.६ ही गेम लावली आणि होस्टचा (ज्याच्या पीसीवर गेम सुरू केलीय त्याचा) सर्व्हरच लिस्टमध्ये दिसंना झाला तर लगेच गेम परत इन्स्टॉल करत बसू नका, बहुतेक वेळा घोळ फायरवॉलचा (बाहेरनं येणारी कनेक्शन अडवणारी विंडोजची सोय) असतोय. होस्टच्या विंडोजमध्ये नेटवर्क पब्लिक असेल तर प्रायव्हेट करा, फायरवॉलमध्ये गेमला परवानगी द्या, फायरवॉल पूर्ण बंद करायची अजिबात गरज नाही. तरीपण दिसंना तर होस्टवर सीएमडी (कमांड प्रॉम्प्ट) उघडून आयपीकॉन्फिग (ipconfig) टाइप करून एंटर मारा, आयपीव्ही४ पत्ता घ्या आणि बाकीच्यांनी गेमच्या कन्सोलमध्ये (कमांड टाइप करायच्या खिडकीत) कनेक्ट (connect) लिहून पुढं तो पत्ता टाका. पोर्ट (सर्व्हरच्या पत्त्यामागचा नंबर) सहसा २७०१५च असतोय, बदलला असेल तरच कोलन देऊन लिहायचा. सगळे एकाच राउटरवर पायजेत, गेस्ट वायफायवर कोण असेल तर त्याला सहसा सर्व्हर सापडत नाही. व्हीपीएन (नेट दुसऱ्या सर्व्हरमार्फत फिरवणारं ॲप) बंद ठेवा.