डेंग्यूचा ताप उतरताना रुग्णावर लक्ष कसे ठेवावे

पावसाळ्यात अचानक १०३-१०४ ताप, डोळ्यांच्या मागे ठणका, हाडं मोडल्यासारखं अंग दुखणं आणि सर्दी-खोकला फारसा नाही, असं चित्र असेल तर डेंग्यू गृहीत धरून डॉक्टरांकडे जा.

तपासणी: पहिल्या पाच दिवसांत एनएस१ (रक्तात विषाणूचं प्रथिन शोधणारी), त्यानंतर आयजीएम (विषाणूविरुद्ध शरीराने तयार केलेली प्रतिपिंडं शोधणारी). सोबत सीबीसी, म्हणजे रक्तपेशींची मोजणी.

औषध: तापाला फक्त पॅरासिटामॉल, डॉक्टर सांगतील तेवढंच. आयबुप्रोफेन, डायक्लोफिनॅक, ॲस्पिरिन अजिबात नको, त्यांनी रक्तस्राव वाढू शकतो. अंगदुखी असह्य झाली म्हणून दुकानातून गोळी आणू नका.

पाणी: ओआरएस, पेज, ताक, शहाळं. थोडं थोडं, दिवसभर.

आता खरी पायरी. साधारण तिसऱ्या ते सातव्या दिवसात ताप उतरतो आणि घरातले सगळे निर्धास्त होतात. रात्री जागणारी माणसं झोपायला जातात, कुणी कामावर रुजू होतं. माझ्या मते डेंग्यूच्या शुश्रूषेतली सर्वांत मोठी चूक हीच. धोक्याचे २४ ते ४८ तास इथून सुरू होतात. या काळात काही रुग्णांच्या बारीक रक्तवाहिन्यांतून रक्तातला द्रव बाहेर झिरपतो, तो पोटात आणि छातीत साचतो, रक्त घट्ट होतं, रक्तदाब घसरतो. कपाळ गार लागतं म्हणून आपण हायसं वाटून घेतो आणि आतून माणूस शॉकमध्ये जात असतो, म्हणजे रक्तदाब कोसळून अवयवांना पुरेसं रक्त मिळेनासं होतं. मलाही हे ओळखायला सुरुवातीला फार जड गेलं, कारण थर्मामीटर काहीच सांगत नाही.

म्हणून थर्मामीटर बाजूला ठेवा आणि वही घ्या. लघवी किती वाजता झाली ते लिहा. सहा तासांत झाली नाही तर थांबू नका. तळहात-तळपाय चाचपा, गार आणि ओलसर लागतात का? हाताचं नख पांढरं पडेपर्यंत दाबून सोडा, गुलाबी रंग दोन सेकंदांत परत यायला हवा. पोटात सतत दुखणं, वारंवार उलट्या, हिरड्यांतून किंवा नाकातून रक्त, काळी शी, धाप, उठल्यावर भोवळ, गुंगी किंवा विनाकारण चिडचिड, यातलं एकही दिसलं तर मध्यरात्र असली तरी हॉस्पिटल गाठा. लहान मूल एरवी खेळतं आणि आज नुसतं पडून आहे, एवढंही कारण पुरेसं आहे.

आणि प्लेटलेटच्या (रक्त गोठवणाऱ्या पेशींच्या) आकड्याभोवती घर नाचवणं बंद करा. प्लेटलेट ४० हजार असलेला माणूस ठणठणीत बरा होतो आणि ८० हजारवाला शॉकमध्ये जाऊ शकतो. रिपोर्टमध्ये हिमॅटोक्रिट (रक्तात लाल पेशींचं प्रमाण किती टक्के) बघा, काही ठिकाणी त्याला पीसीव्ही लिहितात. प्लेटलेट उतरत असताना तो चढत असेल तर द्रव झिरपतोय. रक्तस्राव नसताना निव्वळ आकडा बघून प्लेटलेट चढवायचा आग्रह डॉक्टरांकडे धरू नका. पपईच्या पानांच्या रसासाठी धावपळ करण्यात तर हे मोलाचे तास मुळीच घालवू नका, आधीच मळमळणाऱ्या पोटाला त्याने उलट्या होऊ शकतात.

हे दोन दिवस सरले, भूक लागली, लघवी भरपूर होऊ लागली की रुग्ण सावरला. अंगावर खाजरं लाल पुरळ उठू शकतं, ते आपोआप जातं.

एकदा होऊन गेला म्हणून पुढच्या वर्षी गाफील राहू नका. विषाणूचे चार प्रकार आहेत आणि पुढच्या वेळी वेगळ्या प्रकाराची लागण झाली तर ती अधिक गंभीर होऊ शकते. ताप असेपर्यंत रुग्णाला दिवसाही मच्छरदाणीत झोपवा. एडिस डास दिवसा चावतो, आणि रुग्णाला चावलेला डास पुढे घरातल्या दुसऱ्याला आजारी पाडतो.