नाटकातल्या गे-लेस्बियन पात्रांवर थीसिस करायचाय? आधी हे वाचा

नाट्यशास्त्रात एम.ए. करणारी किंवा साहित्यातून डेझर्टेशन करणारी बरीच मुलंमुली मला विचारतात, की ताई, रंगभूमीवर गे आणि लेस्बियन माणसं कशी दाखवली गेली यावर काम करायचंय, सुरुवात कुठून करू. मी स्वतः याच विषयावर थीसिस केलाय आणि अजूनही यातच वाचत असते, म्हणून एकदाच सगळं नीट लिहून ठेवतेय.

सगळ्यात आधी एक सांगते, बाकीचं विसरलात तरी चालेल. नुसती संहिता वाचून हा विषय हाती लागत नाही. आपल्या हातात जे पुस्तक येतं ते म्हणजे परवानगी मिळून, काटछाट होऊन, निर्मात्याच्या खिशाला परवडून उरलेलं नाटक असतं. त्यामुळे प्रत्येक नाटकाला विचारायचं, याला परवानगी कोणी दिली, हे कुठल्या हॉलमधे झालं, कोणासमोर झालं, आणि शेवटी त्या पात्राचं काय केलं. हे विचारायला लागलात की आपोआप इतिहास उलगडतो.

मराठीत सुरुवात करायची तर तेंडुलकरांच्या 'मित्राची गोष्ट'पासून करा, १९८१ सालचं नाटक. तेंडुलकर म्हटलं की सगळे शांतता, सखाराम, घाशीराम याच्यावर पानंच्या पानं लिहितात आणि हे नाटक एका ओळीत उरकतात, याचं मला अजूनही वाईट वाटतं. विनय आपटेंनी बसवलं होतं आणि सुमित्रा देव म्हणजे मित्रा ही भूमिका रोहिणी हट्टंगडींनी केली होती, ज्या पुढच्याच वर्षी 'गांधी' सिनेमातल्या कस्तुरबा म्हणून जगभर पोचल्या. काळ दुसऱ्या महायुद्धाच्या आसपासचा, कॉलेजचं वातावरण. मित्रा धीट आहे, मोठ्याने हसते, मुलांशी बिनधास्त बोलते. कॉलेजच्या नाटकात तिला पुरुषाची भूमिका मिळते, समोर हिरॉइन म्हणून नमा, आणि त्या तालमींमधे ती नमाच्या प्रेमात पडते. इथे जरा थांबून वाचा. बाईला बाईवर प्रेम करायची मुभा पहिल्यांदा मिळते ती स्टेजवर, पुरुषाच्या कपड्यात, सगळ्यांच्या टाळ्यांसकट, आणि पडदा पडला की ती मुभा संपते पण प्रेम काही संपत नाही. एका नाटकाच्या आत दुसरं नाटक घालून तेंडुलकरांनी जे केलंय ते मला आजही थोर वाटतं.

पण याच नाटकात दुसरी एक गोष्ट आहे जी विद्यार्थ्यांच्या नजरेतून सुटते. सगळी गोष्ट सांगतो बापू. तो प्रेक्षकांशी बोलतो, त्याला मित्रा आवडते, ती त्याच्याशी मन मोकळं करते, आणि आपल्याला मित्रा दिसते ती कायम बापूच्या डोळ्यांनी. बापू भला आहे, साथ देतो, पण शेवटी त्याचाही धीर सुटतो आणि तोही हात काढून घेतो. मग मित्रा जीव देते. त्यामुळे तुमचा प्रश्न "मित्राला सहानुभूती मिळाली का" एवढाच नको. सहानुभूती तर भरपूर आहे. प्रश्न हा, की ही गोष्ट मित्राने स्वतः सांगितली असती तर ती कुठे संपली असती? माझ्या व्हायवात सगळ्यात जास्त वेळ याच मुद्द्यावर चर्चा झाली.

आता हा शेवट नुसता मराठीचा नाही. लिलियन हेलमन यांचं 'द चिल्ड्रन्स अवर' घ्या, न्यूयॉर्क, नोव्हेंबर १९३४. कॅरन आणि मार्था या दोन मैत्रिणी मुलींची शाळा चालवतात, मेरी नावाची एक विद्यार्थिनी आजीच्या कानात सांगते की यांचं "तसलं" काहीतरी आहे, शाळा बंद पडते, आणि शेवटी मार्था कबूल करते की माझं तुझ्यावर खरंच प्रेम होतं बहुतेक, आणि गोळी घालून घेते. नाटक तुफान चाललं, ६९१ प्रयोग. ४७ वर्षांचं अंतर, दोन वेगळे देश, आणि दोन्हीकडे बाई मेल्यावरच पडदा.

आणि हे योगायोगाने झालं नाही, त्यामागे कायदा होता. ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या व्यावसायिक थिएटरांत, १९२६ मधे 'द कॅप्टिव्ह' नावाचं मूळ फ्रेंच नाटक आलं, त्यात इरेन ही लग्न झालेल्या एका बाईच्या प्रेमात असते, पण ती दुसरी बाई पूर्ण नाटकात एकदाही स्टेजवर येतच नाही! येतो फक्त तिने पाठवलेला व्हायोलेटच्या फुलांचा गुच्छ. म्हणजे लेखकाने इतकं जपून लिहिलं तरीही फेब्रुवारी १९२७ मधे पोलिसांनी धाड घालून नटांना पकडलं, आणि त्याच वर्षी न्यूयॉर्क राज्याने कायदा केला की असला विषय स्टेजवर आणला तर थिएटरला वर्षभर कुलूप लावता येईल. तो कायदा १९६७ पर्यंत पुस्तकात होता. 'चिल्ड्रन्स अवर' हा कायदा असतानाच आलं, आणि माझं वाचन असं की ते चालू दिलं गेलं कारण ते वरवर एका खोट्या आरोपाबद्दल आहे आणि जिच्याबाबतीत आरोप खरा निघतो ती जिवंत राहत नाही. तुम्हाला हे पटलं नाही तरी हरकत नाही, पण मांडणी करताना कायद्याची तारीख आणि नाटकाची तारीख शेजारी ठेवून बघा, लगेच काहीतरी दिसायला लागतं.

याच्याही आधीचं शोलेम आश यांचं 'गॉड ऑफ व्हेंजन्स' नक्की वाचा. मूळ यिडिश, म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेतलं, १९०६ मधे लिहिलेलं. वेश्यागृह चालवणाऱ्या बापाची मुलगी रिफकेले आणि तिथेच राहणारी मांके, या दोघींचा पावसात भिजून आल्यानंतरचा प्रसंग आहे, इतका हळुवार की वाचताना मला शंभर वर्षांपूर्वीचं वाटलंच नाही. आणि मुख्य म्हणजे या दोघींपैकी कोणीही त्या प्रेमापायी मरत नाही. १९२३ मधे ते इंग्रजीत ब्रॉडवेवर नेताना हा प्रसंग कापला, आणि तरीही निर्माता आणि नटांवर अश्लीलतेचा खटला झालाच. म्हणून "आधी सगळं लपूनछपून होतं आणि मग हळूहळू मोकळं झालं" अशी सरळ चढती रेघ थीसिसमधे काढू नका. १९०६ चं नाटक १९३४ च्या नाटकापेक्षा मोकळं आहे.

लंडनचं प्रकरण तर अभ्यासकासाठी खजिना आहे. १७३७ पासून १९६८ पर्यंत तिथे प्रत्येक नवीन नाटक लॉर्ड चेंबरलेन नावाच्या दरबारी अधिकाऱ्याकडून पास करून घ्यावं लागायचं. १९५८ मधे त्या ऑफिसने धोरण थोडं सैल केलं, गंभीर नाटक असेल तर समलैंगिकतेचा विषय चालेल, पण पुरुषांनी एकमेकांना मिठी मारलेली चालणार नाही. म्हणजे बोला, पण स्पर्श करू नका. आता त्या काळातली इंग्लिश नाटकं वाचताना पात्रं इतकी लांब लांब उभी का असतात ते कळेल. १९६५ मधे जॉन ऑस्बोर्नच्या 'अ पेट्रियट फॉर मी'ला परवानगी मिळेना, त्यातला पुरुषांनी बायकांचे कपडे घातलेला बॉलचा, म्हणजे नाचाच्या समारंभाचा प्रसंगच नको होता, तर रॉयल कोर्ट या नाटक कंपनीने आपलं थिएटर तेवढ्यापुरतं प्रायव्हेट क्लब करून फक्त सभासदांसाठी प्रयोग केले. तीन वर्षांत सेन्सॉरच गेला. या ऑफिसकडे आलेल्या संहिता आणि वाचकांचे शेरे ब्रिटिश लायब्ररीत आहेत, आणि त्यावर आधारलेले लेख आपल्या विद्यापीठाच्या जर्नल ॲक्सेसमधून मिळतात, ते शोधा.

आपल्याकडे रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळ आहे, अजूनही आहे, आणि महाराष्ट्रात संहिता तिथून पास करून घ्यावी लागते. 'सखाराम बाइंडर'चं या मंडळाशी झालेलं १९७२ चं भांडण दिग्दर्शक कमलाकर सारंगांनी कोर्टापर्यंत नेलं आणि नंतर त्यावर पुस्तकही लिहिलं. तुमच्या विषयाशी त्याचा थेट संबंध नाही पण ते वाचाच, कारण मंडळ, निर्माता, नट, वकील, पेपरवाले हे सगळे मिळून नाटक कसं घडतं किंवा मरतं हे मराठीत इतक्या जवळून फार कमी जणांनी लिहिलंय.

एक कळकळीची विनंती. बालगंधर्वांना घाईघाईने गे ठरवू नका. दर दुसऱ्या प्रपोजलमधे मला हे दिसतं. स्त्री पार्ट करणं हा व्यवसाय होता, त्याला शास्त्र होतं, रियाज होता, प्रेक्षकांशी एक करार होता. तुम्ही अभ्यासाल ते हे, की 'स्वयंवर'मधले कृष्ण आणि रुक्मिणी दोन्ही पुरुष आहेत हे माहीत असून आपल्या पणज्या-पणजोबांनी तो शृंगार डोळे भरून पाहिला, आणि पुढे १९३३ मधे 'आंधळ्यांची शाळा'सारख्या नाटकात बायका बायकांची कामं करायला लागल्यावर स्त्री पार्टीचं पुढे काय झालं. याचं सगळ्यात खोल उत्तर सतीश आळेकरांच्या 'बेगम बर्वे'त आहे, १९७९. उदबत्त्या विकणारा, संगीत नाटकात कधीकाळी दुय्यम स्त्री भूमिका केलेला बर्वे, त्याला राबवून घेणारा श्यामराव, आणि जावडेकर-बावडेकर हे दोन कारकून. त्यातला एक बर्वेला बाई समजून त्याच्याशी संसार थाटतो, डोहाळेसुद्धा होतात, सगळं नाट्यपदांच्या साथीने. चंद्रकांत काळे यांचा बर्वे आणि मोहन आगाशेंचा श्यामराव यांच्याबद्दल जुनी मंडळी अजून बोलतात. याला गे नाटक म्हणायचं का? मी नाही म्हणत. पण हे नाटक सोडून मराठीतला हा इतिहास लिहिताच येणार नाही.

आता जागेचा मुद्दा, जो मला फार जवळचा आहे. नोव्हेंबर १९९८ मधे मुंबईत महेश दत्तानींचं 'ऑन अ मगी नाइट इन मुंबई' आलं, लिलेट दुबेंनी बसवलेलं, टाटा थिएटरमधे. कमलेशच्या फ्लॅटवर मित्र जमलेत, खाली लग्नाचा बँड वाजतोय, एकजण टीव्हीवरचा लाडका नवरा आहे आणि खऱ्या आयुष्यात लपून राहतो, एकजण परदेशातच बरं म्हणणारा. इथे गे माणसं एकेकटी नाहीत, ती भांडतात, टोमणे मारतात, एकमेकांना सांभाळतात. आणि त्याच हिवाळ्यात, डिसेंबरच्या सुरुवातीला, याच शहरात दोन बायकांच्या प्रेमावरचा 'फायर' सिनेमा लागला होता ती थिएटरं फोडली. एकच शहर, एकच महिना म्हणा ना. इंग्रजी नाटक, नरिमन पॉइंटचा हॉल, तिकीट काढणारा ठराविक वर्ग, त्याच्याकडे कोणी ढुंकून बघितलं नाही. सिनेमा उपनगरात पोचला आणि काचा फुटल्या. भाषा, तिकीट आणि पिनकोड या तीन गोष्टी तुमच्या प्रत्येक चॅप्टरमधे यायला हव्यात असं मी म्हणते ते यासाठी.

न्यूयॉर्कमधेही मोठ्या थिएटरांच्या आधी एक छोटंसं कॉफी हाऊस होतं, जो सिनोने १९५८ मधे उघडलेलं कॅफे सिनो. तिथल्या इवल्याशा स्टेजवर १९६४ मधे लॅनफर्ड विल्सनचं 'द मॅडनेस ऑफ लेडी ब्राइट' झालं, एका एकाकी गे माणसावरचं. गे मित्रांच्या पार्टीवरचं 'द बॉइज इन द बँड' त्यानंतरचं, १९६८, आणि हजारावर प्रयोग. एड्सच्या काळातली नाटकं हा वेगळाच थीसिस होईल, त्यामुळे एकच सांगते, लॅरी क्रेमरच्या 'द नॉर्मल हार्ट'च्या १९८५ च्या प्रयोगात थिएटरच्या भिंती पांढऱ्या रंगवून त्यावर रुग्णांचे आकडे आणि नावं लिहिली होती, आणि आकडा वाढेल तसा तो बदलत होते. हे संहिता वाचून कसं कळणार?

मराठीकडे परत येते. चेतन दातारचं '१, माधवबाग' मिळेल तिथे बघा, मोना आंबेगावकर एकटी करते. मुलाच्या डायरीतून आईला कळतं की तो गे आहे, आणि मग पूर्ण वेळ ती आई बोलते. मित्राच्या वेळी बोलणारा बापू होता, इथे आई आहे. गोष्ट अजूनही जवळचं माणूसच सांगतंय, पण मुलगा जिवंत आहे, आणि घरातच प्रश्न सोडवायचाय. चेतन २००८ मधे गेला, समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ विरुद्धचा दिल्ली हायकोर्टाचा निकाल २००९ चा. त्याने हे लिहिलं तेव्हा कायदा पूर्ण विरोधात होता, हे लक्षात ठेवून वाचा.

प्रॅक्टिकल गोष्टी आता. गाइड विषय बदलायला सांगू शकतात, मलाही सांगितलं होतं, "मटेरियल मिळणार नाही" म्हणून. भांडत बसू नका, दहा नाटकांची यादी, साल, दिग्दर्शक, कुठे प्रयोग झाला, एवढं एका पानावर करून न्या, बोलणं बंद होतं. जुन्या पेपरातल्या नाटकांच्या जाहिराती बघा, त्यातून प्रयोग कुठे आणि कुठल्या वेळेला लागले ते कळतं, दुपारचा प्रयोग आणि रात्रीचा प्रयोग यांचा प्रेक्षक वेगळा असतो. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात दिवसच्या दिवस बसायची तयारी ठेवा. छापील संहिता आणि नटांकडची वहीतली प्रत यात फरक असतो, म्हणून जमेल तिथे नटांची प्रत मागा. पेन्सिलने खोडलेली वाक्यं, समासातल्या खुणा, सगळ्याचे फोटो काढून ठेवा, अर्थात विचारून.

आणि मुलाखती. ज्येष्ठ रंगकर्मींकडे जाल तर प्रश्न नाटकाबद्दल विचारा, त्यांच्या खाजगी आयुष्याबद्दल नाही. बोलता बोलता ते स्वतःहून काही सांगतील, तिसऱ्या कोणाबद्दलही सांगतील. ते रेकॉर्ड झालं म्हणून छापायचं नसतं. मधली २००९ ते २०१३ ही वर्षं सोडली तर २०१८ पर्यंत समलैंगिक संबंध हा गुन्हा होता, अनेकांची घरं, नोकऱ्या, लग्नं त्या भीतीतच गेलीत. लेखी परवानगी घ्या, ट्रान्सक्रिप्ट त्यांना वाचायला द्या, त्यांनी एखादं पान काढ म्हटलं तर चॅप्टर लंगडा पडला तरी काढा. हयात नसलेल्या माणसाबद्दल तर आणखी जपून, तो उत्तर द्यायला येणार नाही.

वाचायचा क्रम विचाराल तर आधी 'मित्राची गोष्ट', लगेच 'चिल्ड्रन्स अवर', मग 'बेगम बर्वे', मग दत्तानी, आणि 'गॉड ऑफ व्हेंजन्स' शेवटी. तारखेने सगळ्यात जुनं ते शेवटी वाचलंत की आधी मनात काढलेली सरळ रेघ मोडेल, आणि मग पहिला चॅप्टर लिहायला घ्या.